राणी रंगाच्या अकरा जर्सी

अंगठा जिभेला लावायचा, समोरच्याच्या कपड्याची कड चिमटीत धरायची आणि खसाखसा घासायची. मग तो अंगठा उजेडात धरून निकाल द्यायचा, "कच्चा शे," म्हणजे रंग कच्चा आहे. लग्नातला नवरदेवाचा फेटा असो, नाहीतर माझी शाळेची ओढणी, आमच्या मास्तरांना फरक पडत नसे. असा माणूस तुमच्या गल्लीत असेल तर दोन हात लांब राहा, एवढंच मी सांगेन.

मास्तर पलसाण्याच्या एका मिलमध्ये कलर मास्तर होते. कापडाने रंग धरला की नाही हे बघणं त्यांचं काम. राहायला लिंबायतमध्ये, खान्देशातून मिलच्या कामाला आलेल्या आम्हा लोकांच्या वस्तीत, आमच्या मागच्याच गल्लीत. शहरात प्लेग येऊन गेल्यावर महापालिकेने खाडीकाठचा उकिरडा उचलला आणि खालून चक्क मैदान निघालं. पोरं स्टंप घेऊन पोचायच्या आत मास्तरांनी तिथे आम्हा मुलींना नेऊन उभं केलं. टीव्हीवर वर्ल्ड कप पाहिल्यापासून फुटबॉल त्यांच्या डोक्यात शिरला होता. मुलीच का, असं विचारलं तर म्हणायचे, पोरं मिसरूड फुटली की लूमवर कामाला जातात, पोरी टिकतील. हा अंदाजही पुढे चुकलाच.

लिंबायतमधला कुठला बाप लेकीला फुटबॉल खेळायला पाठवणार होता? त्यावर मास्तरांनी तोड काढली. मास्तरीणबाई घरी शिवण क्लास चालवायच्या. आम्ही अकराजणींनी तिथे नाव घातलं. तासभर टाके घालायचे आणि मागच्या दाराने मैदान गाठायचं. शिवण शिकलेली मुलगी लवकर खपते, म्हणून सगळे बाप खूश. माझ्या वडिलांनी तर मला नवी कोरी कात्री आणून दिली. ती कात्री दिसली की मी वडिलांकडे बघायचं टाळायचे. पण खेळ सोडवतही नव्हता, कारण गोलकीपर म्हणून गोलात उभी राहिले तेव्हा आयुष्यात पहिल्यांदा मला वाटलं होतं की हे आपल्याला येतं. घरी कळलं की संपलं, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं. ते फक्त मास्तरांच्या डोक्यात राहत नव्हतं.

अहो, या गुप्त क्लबची त्यांनी पाटी रंगवून आणली. 'खान्देश कन्या फुटबॉल क्लब', हातभर मोठ्या अक्षरांत. दारावर ठोकायला निघाले तेव्हा मास्तरीणबाईंनी ती हिसकावून पलंगाखाली सरकवली. शिट्टी अशी फुंकायचे की चार गल्ल्यांत ऐकू जावी. ऑफसाइड त्यांना शेवटपर्यंत कळलं नाही. काहीही विचारलं की एकच उत्तर, "मी शे ना." बूट नाहीत, मी शे ना. घरी उशीर होईल, मी शे ना. आम्हाला खरी धास्ती त्याचीच होती.

वर्षभर आम्ही हरत होतो. मग नदीपलीकडच्या एका शाळेच्या टीमशी मॅच ठरली, अगदी आयत्या वेळी, चैत्रातल्या रविवारी. त्यांना म्हणे पांढरे बूट, नंबर घातलेल्या जर्सी. मास्तर इरेला पेटले. मिलमध्ये नापास झालेला नमुन्याचा तागा पडला होता, आख्खा राणी रंगात छापलेला. तो घेऊन आले आणि दोन दिवसांत आमच्याकडून अकरा जर्सी शिवून घेतल्या. म्हणजे शिवण क्लासचा तेवढा एक उपयोग झाला. कापड छपाईच्या डिंकाने पापडासारखं कडक होतं. छापलेलं कापड वाफेवर घालून धुतल्याशिवाय रंग धरत नाही, हे त्यांनीच आम्हाला शंभर वेळा ऐकवलेलं. मी अंगठा ओला करायला गेले, तर मलाच दटावलं. "एक मॅच निघी जाई."

निघाली असतीही. पण मध्यंतरात आम्ही उन्हाने लाल झालेल्या पाहून या गृहस्थांना कळवळा आला आणि त्यांनी माठातलं पाणी उचलून एकेकीच्या डोक्यावर ओतलं. कलर मास्तरांनी, स्वतःच्या हाताने.

मध्यंतरानंतर काय झालं असेल ते तुम्हीच डोळ्यांसमोर आणा. मान, हात, पाय, सगळं राणी. मी अडवलेल्या बॉलवर माझ्या दहा बोटांचे ठसे. समोरच्या मुली हसून हसून वाकल्या, आणि त्या वाकलेल्या असतानाच आमचा गोल झाला. मी तीन गोल अडवले. आम्ही जिंकलो, पहिल्यांदा आणि शेवटच्यांदा.

रंग रॉकेलनेही निघेना. संध्याकाळपर्यंत अकरा घरांत अकरा राणी रंगाच्या मुली पोचल्या आणि दिवेलागणीला सगळे बाप मास्तरांच्या दारात. वडिलांनी माझा हात धरून मला पुढे उभं केलं. ते मुळात भांडखोर नव्हते. त्यांनीच वाट काढून दिली. विचारलं, क्लासात आज कापड रंगवायला घेतलं होतं का? नुसतं 'हो' म्हणायचं होतं. मास्तरीणबाई मागून खुणा करत होत्या. मी मनात देवाचा धावा करत होते.

मास्तरांचा चेहरा उजळला. "जिंकन्यात पोरी," ते म्हणाले. "दादा, तुमनी पोरनी तीन गोल रोकात."

क्लब तिथे संपला. कात्री त्याच आठवड्यात काकूकडे गेली आणि वर्षभरात माझं लग्न झालं. मास्तरांचा मला इतका राग आला होता की लग्नात ते माझ्या शालूची कड घासायला पुढे आले तेव्हा मी पदर ओढून घेतला. त्यांनी अंगठा तसाच खिशात घातला. त्याचं मला आज वाईट वाटतं. वडिलांसमोर माझ्याबद्दल एवढ्या कौतुकाने त्याआधी कुणीही बोललं नव्हतं, हे कळायला मला फार वर्षं लागली.

मास्तर गेल्याचं कळलं तेव्हा मी वडिलांना घेऊन भेटायला गेले. कुणाच्याही कपड्याला हात न लागता त्या घरात बसणं विचित्र वाटत होतं. मास्तरीणबाईंनी पलंगाखालून पाटी ओढली. तिच्यामागे जर्सींचं गाठोडं होतं. मास्तरांनी त्या धुऊ दिल्या नाहीत म्हणे, रंग जाईल म्हणून. वडिलांनी वरचीच जर्सी उचलली, अंगठा जिभेला लावला आणि बाही घासली. अंगठा राणी झाला. तो त्यांनी पुसला नाही.

गावाकडून आलेल्या एका पाहुण्याने विचारलं, हे काय, कुणाचं?

"मनी पोरनी शे ती," वडील म्हणाले. "तीन गोल रोकात तिनी."