हिरॉईनचे हात

कापूस झाडावरून काढतात, हे आमच्या कोरीट गावच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. मी मात्र तो परत झाडाला चिकटवण्याचंही काम केलं आहे. एकोणीसशे साठच्या आसपासची गोष्ट. सिनेमावाले आमच्या गावी आले ते नेमके होळीच्या तोंडावर. त्यांना पांढरंशुभ्र रान हवं होतं आणि आमचं वेचून कधीच मोकळं झालेलं.

सासऱ्यांनी शेत दिलं, घरातला कापूसही दिला. अट एकच घातली, "मदत करा, पन घरनी बाई पडदावर दिसाले नको." सासूबाईंनी पदर खोचला, कणकेची खळ शिजवली आणि आम्ही बाया रिकाम्या बोंडांत कापूस चिकटवत सुटलो. डायरेक्टरसाहेब बांधावरून म्हणाले, "वा! पीक काय छान आलंय!" सासूबाई तोंडाला पदर लावून इतक्या हसल्या की हातातली खळ सांडली.

हिरॉईन स्वभावाने गोड होती, पण तिने बोंड ओढलं की अख्खं झाड तिच्यामागे निघायचं. तिला शिकवायचं काम माझ्याकडे आलं. शिकवून शिकवून मी थकले. शेवटी डायरेक्टरसाहेब वैतागून मलाच म्हणाले, "तुम्हीच वेचा. फक्त हात घेऊ."

सासूबाई तेवढ्यात चहाचं बघायला घरी गेल्या होत्या. सासऱ्यांनी बाईला मनाई केली आहे, हातांना कुठे केली? अशी मी मनाची समजूत घातली. खरं म्हणजे मला हौसच दांडगी होती. हिरॉईनच्या बांगड्या चढवल्या. माझ्या मनगटावरचं गोंदण काही लपेना, तेव्हा मेकअपवाल्याने तसंच गोंदण काजळाने तिच्या मनगटावर काढलं. साप मेला आणि काठीही मोडली नाही. बरोबरच्या बायांना मी शपथ घातली आणि घरी जाऊन मुकाट्याने भाकरी थापल्या.

सिनेमा नंदुरबारला तंबूत लागला, तेव्हा निम्मं गाव गाड्या जुंपून 'आपलं शेत' बघायला गेलं. पुरुष एका बाजूला, बाया दुसऱ्या. माझा जीव टांगणीला लागला होता. सासरे शब्दाचे पक्के. अट मोडलेली कळली तर मला माहेरी पोचवतील, याची मला खात्री होती.

पडद्यावर शेत आलं. मग माझे हात आले, सुपाएवढे! बोंडाला धक्का न लावता कापूस सरकन निघत होता. पुरुषांतून कोणीतरी शिट्टी मारून ओरडलं, "काय हात शेतस हिरोईनना!"

सासूबाई ताडकन उभ्या राहिल्या. मी सून होऊन आले तेव्हा वेचायला त्यांनीच शिकवलं होतं. काजळाच्या गोंदणाला त्या थोड्याच फसणार!

"हिरोईनना नहीत! मन्ही सूनना शेतस! मी शिकाडेल शेतस!"

मी घाईने त्यांचा पदर खाली ओढू लागले. सासूबाईंची भलीमोठी सावली पडद्यावर पडली होती आणि त्यात माझे हात पार झाकले गेले होते.

"खाले बस वं!" पलीकडून सासऱ्यांचा आवाज आला.

त्या बसल्या. तोवर पडद्यावर हिरॉईनचा हसरा चेहरा आला होता. सासरे उठले, मशीनवाल्याकडे वळले आणि गरजले, "ओ भाऊ, मांगे फिराव! मन्ही सून दिसनी नही!"