आगिमकाकांसाठी कोण रडलं

"आगिम गेला, पोरी," आगिमकाकांच्या पत्नी व्हेराकाकू फोनवर म्हणाल्या. लॉकडाऊन चालू होता, मी मेलबर्नमधल्या टार्निटच्या घरात कपड्यांच्या घड्या घालत होते. कोविडनेच नेलं काकांना. मग काकू म्हणाल्या, "अल्बेनियातून त्याच्या बहिणीला येता येणार नाही. भावासाठी कुणी रडलं का, तेवढंच तिला बघायचंय. तू दफन शूट करशील?" त्यांच्या गावाकडे म्हणे मयताभोवती बसून बायका मोठ्याने शोक करतात, न रडता कुणाला मातीत घालत नाहीत. आणि इथे परवानगी दहाच माणसांना, तीही मास्क लावून, लांब लांब उभी. हो म्हटलं. दुसरं काय म्हणणार? कॅमेरा धरायला काकांनीच तर शिकवलं होतं.

तरुणपणी काका तिकडच्या सरकारी स्टुडिओत कॅमेरामन होते, मोठ्या पडद्याचे सिनेमे केलेले. फिल्मचा तुटवडा इतका, की दिवसभर रिकाम्या कॅमेऱ्यावर तालीम करायची आणि मग एकच टेक घ्यायचा. कम्युनिस्ट राजवट कोसळली, स्टुडिओ बंद पडला आणि हा माणूस मेलबर्नला येऊन आम्हा देशी लोकांची लग्नं शूट करायला लागला. युनीतली डिग्री संपवून मी त्यांच्या हाताखाली लागले. मला वाटायचं, मनातून कुढत असतील. छे! श्रीखंड नसेल त्या लग्नात तेवढं तोंड पाडायचे. एकदा ग्लेन वेव्हर्ली भागातल्या एका लग्नात आमच्या दुसऱ्या कॅमेरामनचा शॉट हुकला, तर अंतरपाट खाली आल्यावर पठ्ठ्या गुरुजींना खुशाल म्हणतो, "वन मोअर टाइम, परत धरा ना!" गुरुजीही नो वरीज म्हणत निघाले धरायला! काका असे भडकले की नवरदेवच दचकला. "दोघांनी एकमेकांना बघितलं ना? आता परत काय बघायचंय?" स्वतः मात्र आदल्या दिवशी गुरुजींसमोर बसून मंगलाष्टकं ऐकून आले होते, शेवटचं कडवं ओळखता यावं म्हणून. नवरीचं हसू त्यांच्या कॅमेऱ्यात बरोब्बर आलं. घरी जाताना गाडीत म्हणाले, "सिनेमात असं हसू मला कधी मिळालं नाही."

दफनाच्या दिवशी बोचरा वारा होता. दहा जण, दहाही तोंडं झाकलेली. व्हेराकाकू मूठभर माती घेऊन वाकल्या आणि… माझे हात थरथरायला लागले. चित्र नुसतं हलत राहिलं. घरी येऊन पाहिलं तर तेवढा भाग पार वाया गेलेला. कापून टाकावा तर माती टाकण्याचं काही उरतच नव्हतं. तसंच पाठवलं. त्या बाईला बघायचं होतं ते रडणं त्यात कुठेच दिसत नव्हतं. फार वाईट वाटलं.

परवा काकूंचा फोन आला. बहिणीने ते पुन्हा पुन्हा पाहिलं म्हणे. "ती म्हणते, तोंडं कुणाचीच दिसली नाहीत. पण माती टाकताना चित्र हलायला लागलं, तेव्हा कळलं की कॅमेऱ्यामागे कुणीतरी रडतंय. कोण होतं ते, विचारतेय."

मी फोनवरच हमसून हमसून, अगदी मोठ्याने रडायला लागले. काकूंनी मला गप्प केलं नाही.