व्हिएन्नाच्या थाटात दिलेला डाव

हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. मी सांगत असताना मध्येच कोणी फिदीफिदी केलेलं मला चालत नाही. भिवंडीत बुद्धिबळाचे डाव पुष्कळ जण हरले असतील. पण जिंकत आलेला डाव, उभं राहून, शर्टाचं वरचं बटण लावून, समोरच्याशी हात मिळवून हरणारा मी एकटाच! दुसरा कोणी असेल तर आणा समोर.

कॉलेज मी तेव्हा नुकतंच सोडलं होतं. सोडलं म्हणतोय, काढलं नव्हतं. प्राध्यापकांनी पिवळ्या पडलेल्या नोट्स वाचायच्या आणि आम्ही त्या उतरवून घ्यायच्या, एवढ्यासाठी बाबांचा पगार कशाला जाळायचा? बाबा नगरपालिकेत वायरमन. कोणी विचारलं की सांगायचे, "पंकज सध्या विचार करतोय." विचार कसला डोंबलाचा! मी दापोड्याला एका ट्रान्सपोर्टमध्ये ट्रक रिकामे करून घेत होतो. आणि सुटलो की बुद्धिबळ.

तेही साधंसुधं नाही हां! रद्दीवाल्याकडे मला एक जाडजूड इंग्रजी पुस्तक मिळालं होतं. पहिलं महायुद्ध संपल्यावर आणि दुसरं सुरू व्हायच्या आधी युरोपात ज्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा झाल्या, त्यांतले डाव. व्हिएन्ना, बुडापेस्ट, कुठकुठली गरम पाण्याच्या झऱ्यांची गावं. कालपर्यंत ज्यांचे देश एकमेकांवर तोफा डागत होते, ती माणसं कोट-टाय घालून एका टेबलाशी बसायची आणि चकार शब्द न बोलता भांडायची. कोणी खोकलं तरी पंच वळून बघायचा. आणि डाव गेला असं दिसलं, की मात होईपर्यंत लोंबकळत राहायचं नाही. आपला राजा आपल्या हातानं पटावर आडवा करायचा, उठायचं, हात मिळवायचा. बास!

काय रुबाब! मी मनाशी म्हटलं, हरावं तर असं. नको ते मागून बसलो.

तर आमच्या वाचनालयानं बुद्धिबळाची स्पर्धा लावली. जो जिंकेल तो जिल्ह्याच्या स्पर्धेला ठाण्याला जाणार. ठाण्याला! मला दुसरं काही नको होतं. तिथं खरं घड्याळ लावून, आंतरराष्ट्रीय नियमांनी खेळतात. एकदा तिथं बसलो की बाबांना सांगायला काहीतरी झालं असतं. 'विचार करतोय'च्या जागी 'जिल्ह्याला खेळतोय'. ऐकायला किती बरं वाटतं!

पण वाचनालय कोणाच्या ताब्यात? भास्करकाकांच्या. तहसील कचेरीतून निवृत्त झालेले हेडक्लार्क. निवृत्त झाले ते फक्त पगारापुरते. सगळ्या अर्जांवर अजूनही 'नंतर या' म्हणायचे. त्यांनी जाहीर केलं, "स्पर्धा आपल्या देशी पद्धतीनं होईल."

देशी पद्धत म्हणजे काय, माहीत आहे ना? प्यादं पहिल्या चालीतसुद्धा एकच घर सरकणार. आणि ते पलीकडच्या टोकाला पोहोचलं, की ज्या घरात पोहोचलं त्या घरचं मोहरं होणार. हत्तीच्या घरात हत्ती, घोड्याच्या घरात घोडा. बाहेरच्या जगात कुठल्याही घरात पोहोचा, सरळ वजीर मागा! एवढं मरतमरत गेलेल्या प्याद्याला घोडा करून ठेवायचं, हा कुठला न्याय?

मी आठवडाभर भांडलो. रोज संध्याकाळी.

"काका, ठाण्याला हे नियम चालत नाहीत."

"ठाण्याचं ठाण्याला बघू."

"अहो, पण जो जिंकेल त्याला तिथं काय येणार?"

"आम्ही खेळत होतो तेव्हा तू लंगोटात होतास."

"लंगोटातून मी बाहेर आलो काका, तुम्ही कधी येणार?"

इथं वाचनालयातली सगळी वर्तमानपत्रं एकदम खाली झाली. शेवटी मला गप्प करायला म्हणून त्यांनी माझा एक नियम मान्य केला: केलेली चाल परत घ्यायची नाही. नाहीतर ही म्हातारी मंडळी काय करायची? वजीर गेला की "अरे अरे, बघितलंच नाही" म्हणत उचलून परत जागेवर! जगात अशानं किती महायुद्धं टळली असती.

बाकी नियम देशी. ठीक आहे, म्हटलं. देशी तर देशी. तुमच्याच नियमांनी तुम्हाला लोळवतो.

आणि लोळवलं की! एकेकाला. फायनलला समोर कोण? साक्षात भास्करकाका.

रविवारची दुपार. वाचनालयाच्या भिंतीला लागून लूमचा कारखाना. खटाखट खटाखट. ह्या आवाजात वाढलेली आमची माणसं 'हळू बोल' हेसुद्धा ओरडून सांगतात. मी पांढरा शर्ट घालून गेलो होतो. टाय नव्हता. भिवंडीत टाय घातला की लोक औषधं विकणारा समजतात.

डाव मस्त रंगला. शेवटी माझ्याकडे एक हत्ती आणि दोन प्यादी. काकांकडे राजा आणि एकुलतं एक प्यादं. पण ते प्यादं माझा डोळा चुकवून पार टोकाशी, घोड्याच्या घराच्या उंबरठ्यावर. माझा हत्ती लांब अडकलेला. ते अडवता येत नव्हतं.

आणि तेवढ्यात लाइट गेली.

भिवंडीत लाइट गेली म्हणजे काय होतं, ते बाहेरच्यांना कळणार नाही. सगळं शहर एकदम मुकं होतं. हजारो लूम एका क्षणात बंद! कानात नुसतं शून्य. शेजारचे कारीगर घाम पुसत बाहेर आले आणि खिडकीशी गर्दी करून उभे राहिले. सगळ्यात पुढे माझा दोस्त सलीम, लूमवर धागे भरता भरता उठून आलेला.

कोणी बोलेना. कोणी खोकेना. अहो, हीच ती शांतता! माझ्या पुस्तकातली! भिवंडीत, एका फुटक्या पंख्याखाली, मी व्हिएन्नात बसलो होतो. समोरच्या प्याद्याचा आता वजीर होणार. हत्तीनं वजिराशी लढता येत नाही. डाव गेला. मग लोंबकळायचं कशाला?

मी वरचं बटण लावलं. राजा उचलला. पटावर हळूच आडवा केला. उभा राहिलो. हात पुढे केला.

"काका, अभिनंदन. मोठे खेळाडू मात होण्याची वाट बघत नाहीत."

काकांनी हात हातात घेतला. पण ते माझ्याकडे असे बघत होते, जसे कचेरीत कोणी कागद न आणताच आला की बघत असतील.

"पंकज, काय झालं? पोट दुखतंय का?"

"नाही. तुमचं प्यादं वजीर होतंय ना."

"वजीर? घोड्याच्या घरात?"

मी पटाकडे बघितलं.

सलीम खिडकीतून ओरडला, "अबे पंक्या! उसका घोडा बनता! तू तो जीत रहा था!"

कारीगरांत हशा फुटला. लूम बंद असताना भिवंडी किती जोरात हसू शकते, ते मला त्या दिवशी कळलं. आठवडाभर मी बाहेरच्या नियमांसाठी भांडलो होतो, आणि ते वाचनालयानं नाही, फक्त माझ्या डोक्यानं मान्य केले होते!

आता खरी गंमत ऐका. काका म्हणाले, "उचल तो राजा. चुकून झालं. मी काही म्हणत नाही."

खरंच म्हणाले. माणूस वाईट नव्हता, नुसता जुना होता. राजा उचलला असता तर हत्ती आणि दोन प्याद्यांनी मी त्या घोड्याला खाल्लं असतं. ठाणं एका हाताच्या अंतरावर आडवं पडलं होतं. तुम्ही काय केलं असतं?

मी छाती काढून म्हणालो, "आमच्यात चाल परत घेत नाहीत."

"तुमच्यात म्हणजे कोणात?" सलीमनं विचारलं.

मी वरचं बटण सोडलं.

घरी गेलो. बाबांना आधीच कळलं होतं. ते एवढंच म्हणाले, "विचार केला असतास तर बरं झालं असतं." सगळ्यांना 'विचार करतोय' सांगणारा माणूस मला हे ऐकवतो! पण मला आजही त्या नकाराचा अभिमान आहे. दिलेला डाव दिला. व्हिएन्नात कोणी बघत असतं तर टोपी काढली असती.

दोन-तीन दिवसांनी दारात भास्करकाका. बगलेत पट. बाबांनी धावत जाऊन खुर्ची दिली.

"ठाण्याला मलाच जावं लागतंय," काका बसत म्हणाले. "ते तुमचे नियम शिकव जरा."

मी शिकवले. प्यादं दोन घरं कसं जातं, राजा-हत्ती जागा कशा बदलतात. मग एक प्यादं टोकाला नेलं आणि तिथं वजीर ठेवला. काकांचे डोळे मोठे झाले.

"कुठल्याही घरात वजीर?"

"कुठल्याही."

"अरे वा! हे तर फार चांगलं आहे की रे! मग आधी का नाही सांगितलंस?"

"काका, आठवडाभर रोज संध्याकाळी तेच तर सांगत होतो!"

"सांगत होतास?" काका खरोखर चकित झाले. "मला वाटलं, तू भांडतोयस."