भावाच्या मेहेरबानीवर

चादरीचं एक टोक पिळून झालं होतं, दुसरं अजून बादलीत. तेवढ्यात मोरीच्या दाराशी वहिनी येऊन उभी राहिली.

"भावोजी, आटपा लवकर. मोरी आमची आहे, आता तर कोर्टानंच सांगितलंय."

 मास्तर चादर तशीच टाकून हात पुसत पुढच्या खोलीत आला. पडदे आणि गाद्यांच्या खोळी शिवण्याचं त्याचं मशीन तिथेच. रस्त्याकडे उघडणारं दार, दाराशी गिऱ्हाईक, मशीनमागे पलंग. त्याचा संसार म्हणाल तर एवढाच. ही खोली गेली की पोट आणि छप्पर एकदमच जाणार होतं.

बायको तीन वर्षांपूर्वी घर सोडून गेली. चूक कोणाची, ते देव जाणे. मास्तरची जीभ कात्रीसारखी चालायची हे मात्र गल्लीला ठाऊक होतं. तिने पोटगीचा दावा केला, तेव्हा दादाच त्याला घेऊन बसला होता.

"घर माझं आहे, तू नुसता राहतोस, असं लिहून दे. तुझ्या नावावर काही दिसलंच नाही तर ती मागणार काय? कपाळ?"

"पण बाबांचं घर आहे दादा. दोघांचं."

"अरे, कागदावर लिहिल्यानं भिंती हलतात का?"

दोघे भाऊ हसले होते. कापड दोनदा मोजल्याशिवाय कात्री न लावणारा मास्तर, त्या प्रतिज्ञापत्रावर त्याने वाचल्या न वाचल्यासारखं करून सही ठोकली. देवाला स्मरून खरं सांगतो, असं वर लिहिलं होतं. खाली सगळं खोटं. पोटगीच्या न्यायाधीशाने ते खरं धरलं आणि निकालात शेरा मारला: हा माणूस भावाच्या मेहेरबानीवर राहतो, घरात त्याचा हक्क दिसत नाही. बायकोच्या पदरात जेमतेम काही पडलं. त्या दिवशी दादाने त्याच्या पाठीवर थाप मारली होती.

वर्ष सरलं आणि दादाला पुढची खोली भाड्याने द्यायची झाली. "सामान हलव," म्हणाला. तेव्हा मास्तरने वाटणीचा दावा लावला. काल त्याची तारीख होती. दादाच्या वकिलाने जुन्या निकालाची नक्कल उघडली आणि तोच शेरा सावकाश वाचून दाखवला. दादाला खोली रिकामी करून घ्यायला मास्तरने मनाई मागितली होती, त्यावरचा निर्णय पुढच्या तारखेवर गेला. दादा समोर बसून चष्मा पुसत राहिला.

बाहेर आल्यावर मास्तरने आपल्या वकीलबाईंना विचारलं, "म्हणजे आपण हरलो?"

"त्या शेऱ्यानं नाही. पोटगीच्या कोर्टानं मालकी ठरवलेली नाही, या कोर्टावर ते बंधन नाही. पण तो शेरा आला कुठून? तुमच्याच तोंडून. तो पुसायचा तर खोटं बोललो हे आधी कबूल करावं लागेल. त्याची शिक्षा होऊ शकते. आणि घरात हिस्सा आहे म्हटल्यावर पोटगीही वाढेल."

"दादानंच लिहायला लावलं."

"कोणी ऐकलं?"

"आम्ही दोघंच होतो."

"बरं, घर बांधताना तुमची कमाई त्यात गेली, हे डोळ्यांनी पाहिलेलं कोण आहे? दादा आणि वहिनी सोडून."

होतं एक माणूस. विटा येत होत्या त्या दिवसांत मास्तर खोळी शिवायचा आणि शेजारी बसून ती काजं-बटणं करायची. मजुरी बाबांच्या हातावर ठेवायलाही तीच जायची.

"बायको," तो म्हणाला.

वकीलबाईंनी चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. "मग तिच्याकडे जा. पण तिला पढवू नका. खरं बोलशील का, एवढंच विचारा."

ज्या खोट्याने तिचा घास हिरावला, तेच खोटं आता तिने येऊन खोडावं, असं मागायचं होतं. कोणत्या तोंडाने, ते मास्तरला ठाऊक नव्हतं. तिने दार लावून घेतलं तरी बोल लावता येणार नव्हता.

मोरीतून वहिनीचा आवाज आला, "चादर कुजवायचीय का?"

तो उठला, चादर नीट पिळली, खिडकीच्या गजावर टाकली. मशीनवर कापड झाकलं. मग चपला घालून बायकोकडे साक्ष मागायला निघाला.