विहिरीवरचा स्टे

आमची विहीर बुजवायचा हुकूम उदगीरच्या कोर्टानं दिला, तेव्हा गावात पाणी म्हणून ते तेवढंच उरलं होतं. विहीर बाबांनी खणलेली, पण 'खालची जागा माझी' असा काकांचा दावा. काका म्हणजे बाबांचे सख्खे भाऊ. दावा ते जिंकले. बाबांनी अपील केलं आणि निर्धास्त झाले. "अपील हाय म्हणल्यावर कोण हात लावतंय?" असं पारावर सांगत फिरायचे.

मी तेव्हा कॉलेजात होते आणि मला नसत्या चौकशा फार. समजा अपील जिंकलो, पण तोवर विहीर बुजलेली असली, तर कोर्ट ती परत खणून देतं का? बाबा म्हणाले, "डोकं खाऊ नको." मला काही चैन पडेना.

मग विहीर बुजवायला कोर्टाचा बेलीफ येणार असल्याची नोटीस आली. आमच्या वकिलानं निरोप धाडला, नुसत्या अपिलानं काही थांबत नसतं, वेगळा अर्ज करून स्टे आणावा लागतो, जिल्ह्याच्या कोर्टात या. बाबा पहिल्या एसटीनं पळाले. आता आमचा जिल्हा लातूर झाला होता, अपिलाचे कागदही तिकडंच गेले होते. पण बाबांच्या डोक्यात जन्मभर जिल्हा म्हणजे उस्मानाबाद. ते थेट तिकडं जाऊन उतरले आणि वकील बिचारा लातूरला वाट बघत बसला.

दुसऱ्या दिवशी बाबांचा पत्ता नाही आणि बेलीफ टिकाव-फावडीवाले मजूर घेऊन हजर. सोबत काका. विहिरीवर बायकांची रांग लागलेली, आणि सगळ्यात पुढं घागर घेऊन कोण, तर आमची काकूच.

"बुजवा की," ती बेलीफाला म्हणाली, "पर आमचं भरून झाल्यावर."

काकांनी डोळे वटारले.

"सांजच्याला काय प्याल मग?" तिनं विचारलं.

बेलीफ बाभळीखाली बसला. पाणी झिरपून येईल तसं भरायचं, त्यामुळं एका घागरीला लई वेळ लागायचा. काकू घागर घरी ओतून यायची आणि परत रांगेच्या शेवटी उभी राहायची. तिला बघून बाकीच्याही तसंच करायला लागल्या. माझा जीव मात्र एसटीच्या रस्त्याकडं लागलेला.

उन्हं कलल्यावर बाबा आले, उस्मानाबादहून लातूर गाठून, धुळीनं माखलेले, हातात स्टेचा हुकूम. बेलीफानं तो वाचला, शिक्का निरखला आणि मजुरांना माघारी चला म्हणाला. मला रडूच फुटलं.

आता काका काय करतात, याची मला भारी उत्सुकता. ते बाबांजवळ आले. दावा लागल्यापासून दोघं बोलत नव्हते.

"कवर चालतंय हे?"

"अपिलाचा निकाल लागंस्तोवर."

काकांनी रांगेकडं बघितलं. मग खाली मान घालून म्हणाले, "वकिलाला सांग, तारीख लांबची घे म्हणावं."