रातकिड्यांच्या पोटात काय होतं

अकराव्या दिवशीही गठ्ठ्याने काही खाल्लं नाही, तेव्हा आत्याने स्वतःचं ताट बाजूला सारलं आणि स्टूल ओढून ती त्याच्या काचेच्या पेटीसमोर ठाण मांडून बसली.

गठ्ठा म्हणजे बेडूक. मुठीएवढा, तपकिरी, आणि एकदा कोपऱ्यात बसला की सुतळीने बांधून ठेवल्यासारखा तिथून हलायचं नाव नाही, म्हणून गठ्ठा. तो मूळचा भाचीचा. दोन वर्षांपूर्वी तिला दुसऱ्या गावी नोकरी लागली, तिथल्या घरमालकिणीने कुत्रा, मांजर, पोपट ‘आणि तत्सम काहीही’ चालणार नाही असं लिहून घेतलं, आणि भाचीने तत्सम काहीही आत्याच्या हवाली केलं. “जिवंत किडेच लागतात, आत्या. हलत नाही ते त्याच्या लेखी नाहीच. आणि ही कॅल्शियमची पूड. किडे यात घोळवून द्यायचे,” एवढं सांगून ती गाडीत बसली.

आत्या बुकबाइंडर. मोठ्या वाचनालयाच्या मागच्या अंगाला बांधणीची खोली आहे, तिथे तिची चौतीस वर्षं गेली. तिथली निम्मी पुस्तकं तिने एकदा तरी उसवून पुन्हा शिवली असतील. पुस्तकात काय लिहिलंय याच्याशी तिला फारसं कर्तव्य नसे. पुस्तकाच्या पाठीवर अंगठा फिरवला की तिला कळायचं, हे कुणी उताणं टाकून वाचलंय, कुणी उशाखाली दडपलंय आणि कुणी उघडलेलंच नाही. तिसऱ्या जातीची पुस्तकं सर्वांत उत्तम स्थितीत असत, त्यामुळे न वाचणाऱ्या माणसांविषयी तिच्या मनात एक व्यावसायिक आदर होता.

घरात ती आणि तिचा थोरला भाऊ, दोघंच. दादाने उभं आयुष्य छापखान्यात मुद्रितं तपासली. निवृत्तीनंतर तपासायला उरलं ते घर. लेक बेडूक ठेवून गेली तेव्हा त्याने एकच शेरा दिला होता, “अनावश्यक. वगळावा.” तो अर्थातच कुणी मानला नाही.

दुकानातून आणलेले रातकिडे दोन दिवसांत माना टाकायचे, म्हणून आत्याने बांधणीच्या खोलीतच एका खोक्यात त्यांची पैदास सुरू केली. खोक्यात अंड्यांचे जुने ट्रे, वर जाळी. रातकिडे असे फोफावले की वरच्या मजल्यावरच्या वाचकांनी आवाजाची लेखी तक्रार केली. दर एक दिवसाआड चार रातकिडे डबीत घालून ती घरी आणायची, पुडीत घोळवायची आणि गठ्ठ्यापुढे सोडायची. जीभ लपकायची, रातकिडा गायब. दोन वर्षं हे बिनबोभाट चाललं. आणि आता अकरा दिवस उपास.

चौथ्या दिवशी ती त्याला प्राण्यांच्या डॉक्टरांकडे घेऊन गेली होती. डॉक्टरीणबाई तरुण, मनाने सरळ, पण तिचा सगळा सराव कुत्र्यामांजरांवरचा. तिने गठ्ठ्याच्या डोळ्यांत दिवा मारून पाहिला आणि म्हणाली, “नेम चुकत असेल, मावशी. वय झालं की नजर अधू होते.” आत्याने मान डोलावली होती. स्वतःला सुईत दोरा ओवायला तीन प्रयत्न लागतात, तेव्हा बेडकाची काय कथा.

पण आज दुपारच्या लख्ख उजेडात, नाक काचेला टेकवून बसल्यावर, तिला काहीतरी खटकलं. गठ्ठ्याने जीभ मारली. रातकिडा टुणकन बाजूला झाला. गठ्ठ्याने पुन्हा मारली. रातकिडा पुन्हा सुटला, पण यावेळी सुटण्याआधी त्याला धक्का बसल्यासारखा वाटला. आत्याने पेटीत हात घालून तो रातकिडा चिमटीत धरला आणि भिंगाखाली आणला. पाठीवर पांढरी पूड होती आणि पुडीच्या मधोमध एक ओलसर गोल डाग.

तिने दुसरा सोडला. गठ्ठ्याची जीभ गेली, रिकामी परत आली. रातकिडा पकडला, भिंगाखाली धरला. डाग. तिसरा, डाग. चौथा, डाग.

“दादा, इकडे ये. लवकर.”

“मी जेवताना किडे बघत नाही.”

“किडा नको बघूस. ठसा बघ.”

ठसा म्हटल्यावर दादाचा नाइलाज झाला. त्याने हात पुसले, चष्मा बदलला, भिंग डोळ्याशी नेलं आणि बराच वेळ पाहिलं. “ठसा स्वच्छ उठलाय,” तो म्हणाला. “बरोबर मध्यावर.”

“चारही वेळा. म्हणजे नजर शाबूत, नेम शाबूत. जीभ पोचतेय, टेकतेय, आणि चिकटत नाहीये.”

“बरं मग?”

“मग काय. ह्याची खळ बिघडलीय.”

चौतीस वर्षं खळ शिजवलेल्या बाईने असं म्हटल्यावर तिच्याशी वाद घालण्यात अर्थ नव्हता. चिकटवलेलं सुटलं की बाकीचे लोक कागदाला नावं ठेवतात, कापडाला ठेवतात, हवेला ठेवतात. आत्या आधी खळीच्या भांड्यात डोकावते. पीठ जुनं असेल, पाणी जास्त झालं असेल, शिजताना कुणी ढवळलं नसेल. बहुतेक वेळा गुन्हेगार तिथेच सापडतो. पण बेडकाची खळ कोणत्या भांड्यात शिजते, हे तिला ठाऊक नव्हतं, आणि ते ताबडतोब ठाऊक व्हायला हवं होतं. तिने गठ्ठ्याला ओल्या फडक्यासकट डब्यात घातलं, चारही रातकिडे वेगवेगळ्या आगपेट्यांत ठेवले आणि कामावर निरोप धाडला की आज अर्धी रजा. निरोप घेणाऱ्याने दोनदा विचारून खात्री करून घेतली. तिची यापूर्वीची रजा त्याच्या नोकरीच्या आधीची होती.

दवाखान्यात एक कुत्रा, एक पोपट आणि त्यांची माणसं ताटकळत होती. आत्याने सगळ्यांना सांगितलं की तिचं काम दोन मिनिटांचं आहे, आणि आत जाऊन पाऊण तास बसली.

“मावशी, मी तुम्हाला सांगितलं होतं ना, वय...”

“हे बघा आधी.” आत्याने चार आगपेट्या टेबलावर ओळीने मांडल्या.

डॉक्टरीणबाईने पहिली उघडली. भिंग घेतलं. दुसरी उघडली. तिसरी उघडेपर्यंत ती खुर्चीतून उठली होती. “अहो, हे तुम्हाला कसं सुचलं?”

“सुचलं नाही. दिसलं. त्याची जीभ चिकटत नाही. का, ते तुम्ही सांगा.”

डॉक्टरीणबाईने पातळ पट्टीने गठ्ठ्याचं तोंड हळूच उघडून जिभेवर बोट टेकवलं, उचललं, पुन्हा टेकवलं. “कोरडी आहे,” ती स्वतःशीच म्हणाली. मग तिने विचारलं, “हा काय खातो?”

“रातकिडे.”

“आणखी?”

“रातकिडेच. ताजे. घरचे. माझ्या खोलीत वाढवलेले.” हे सांगताना आत्याचा आवाज थोडा ताठ झाला.

“आणि रातकिडे काय खातात?”

दोन वर्षं रोज संध्याकाळी भांड्यात उरलेली खळ आत्या त्यांना घालत आली होती. वर तोंडी लावायला पुठ्ठ्याच्या कातरणी. काही वाया जात नाही याचा तिला कोण अभिमान. मैदा, पाणी आणि पुठ्ठा. त्यावर वाढलेला रातकिडा, आणि त्या रातकिड्यावर वाढलेला गठ्ठा.

“खळ,” ती म्हणाली. “आणि पुठ्ठा.”

डॉक्टरीणबाई हसली नाही, हे तिचे उपकार. तिने कपाटावरून एक जाडजूड ग्रंथ खाली घेतला, त्याची पाठ उकललेली पाहून आत्याला भलत्या वेळी वाईट वाटलं, आणि दोघी पानं उलटू लागल्या. डॉक्टरीणबाईचं बोट एका ओळीवर थांबलं.

“हे आहे. अ जीवनसत्त्व. ते नसलं की जिभेवरचा चिकट स्राव आटतो. जीभ लागते, भक्ष्य सुटतं. मावशी, मी हे फक्त वाचलं होतं हो परीक्षेपुरतं. कधी पाहिलं नव्हतं.”

“बरा होतो का, ते वाचा.”

“होतो. कधीकधी.” तिने गठ्ठ्याला काट्यावर ठेवलं. मागच्या खेपेपेक्षा अकरा ग्रॅम कमी भरला. “औषधाला तीनेक आठवडे लागतील. तोपर्यंत त्याला तगवायचं. हे वजन आणखी उतरलं तर मात्र औषधाला वेळच मिळायचा नाही. हे मी गोड करून सांगत नाहीये.”

“नकाच सांगू,” आत्या म्हणाली. “काय काय करायचं ते सांगा.”

करायचं ते भरपूर होतं. औषधाचा थेंब ठरल्या दिवशीच आणि ठरला तेवढाच, कारण हे जीवनसत्त्व जास्त झालं तरी बाधतं. तोंड हळूच उघडून गांडुळाचा तुकडा आत सरकवायचा. रातकिड्यांची खळ आजपासून बंद, त्यांना पालेभाजी, गाजर, लाल भोपळा. नुसती भाजी खाल्लेल्या रातकिड्यांवर बेडकाचं भागत नाही, म्हणून पूडही बदलायची, जीवनसत्त्ववाली आणायची. आणि पुढे कधी बरा झालाच, तर रोज एकच पदार्थ नाही. कधी रातकिडे, कधी गांडुळं, कधी नाकतोडे.

आत्या घरी आली ती पिशवीभर भाजी घेऊनच. रातकिड्यांचं खोकंही तिने वाचनालयातून घरी हलवलं. दादाने पिशवीत डोकावून पाहिलं. “गाजरं? आज काय विशेष?”

“तुला नाहीत. रातकिड्यांना आहेत.”

“मला गेल्या महिन्यापासून गाजर दिसलेलं नाही.”

“तुझी जीभ चांगली चालतेय.”

खळीवर पिढ्यान्‌पिढ्या पोसलेल्या रातकिड्यांनी पहिले दोन दिवस गाजराकडे ढुंकूनही पाहिलं नाही. हा अपमान, का कोण जाणे, दादाने मनावर घेतला. त्याने गाजर किसून पाहिलं, चकत्या करून पाहिलं, लांबट चिरून पाहिलं. तिसऱ्या सकाळी चकतीची कड कुरतडलेली दिसली आणि तो आत्याला हाक मारायला अनवाणी गच्चीपर्यंत गेला. त्यानंतर खोकं त्याच्याच ताब्यात गेलं. पालक धुऊन, निथळून, देठं काढून जाऊ लागला. घरात सर्वांत निवडक भाजी कोण खातं, यावर दोघंही बोलत नसत.

गठ्ठ्याला भरवणं आत्याकडे. ओल्या हातांनी त्याला धरायचं, जुन्या पुस्तकाच्या जिल्दीच्या कापडाची कड सोडवावी तशा अलगद हाताने पट्टीचं टोक ओठांत सरकवायचं, तोंड उघडलं की तुकडा आत. पहिल्या आठवड्यात तो थुंकून टाकायचा. ती पुन्हा द्यायची. एकदा सात वेळा थुंकला आणि आठव्या वेळी, बहुधा कंटाळून, गिळला. गिळताना बेडकाचे डोळे मिटून आत डोक्यात जातात, तो त्यांनीच घास खाली ढकलतो. ते डोळे आत गेलेले दिसले की दोघांचाही जीव भांड्यात पडायचा. औषध सुरू झाल्यापासून सातव्या दिवशी वजन आणखी तीन ग्रॅम उतरलं आणि दादाने त्या दिवशी कशालाही शेरा दिला नाही. चौदाव्या दिवशी ते होतं तिथेच राहिलं. आत्याने काट्यावर त्याला तीनदा ठेवून पाहिलं.

एकोणिसाव्या दिवशी सकाळी पट्टी हातात घेऊन ती पेटीपाशी गेली, तर गठ्ठा पेटीच्या मध्यावर येऊन बसला होता, मान वर, गळा धपधप हलत.

“दादा, एक रातकिडा आण. मधल्या आकाराचा. घोळवून.”

दादाने आणला. निवडायला त्याला पाच मिनिटं लागली. आत्याने जाळी सरकवून तो सोडला. रातकिडा दोन पावलं चालला, थांबला, मिशा हलवल्या. गठ्ठा किंचित पुढे झुकला. दादाने आत्याचं मनगट धरलं, आणि धरलंय हे त्याला कळलं नाही.

जीभ गेली कधी, आली कधी, ते दोघांनाही दिसलं नाही. रातकिड्याची जागा रिकामी होती. गठ्ठ्याच्या ओठांतून एक तंगडी बाहेर राहिली होती, मग तीही गेली, आणि त्याचे डोळे मिटून आत बुडाले.

“गिळला,” दादा म्हणाला.

“थांब. थुंकेल.”

ते थांबले. गठ्ठ्याने डोळे उघडले, आणि काही विशेष घडलेलं नसल्यासारखा समोर पाहत राहिला.

आत्याने फोन लावला. पलीकडे कुत्रं केकाटत होतं. “जिभेनंच खाल्लं?” डॉक्टरीणबाईने विचारलं. “भरवलं नाही ना तुम्ही?”

“मी चार हात लांब होते. दादा साक्षीला आहे.”

पलीकडे डॉक्टरीणबाई कुणालातरी म्हणाली, “धरून ठेवा हो त्याला, बेडकानं खाल्लंय,” आणि पुन्हा फोनवर येऊन तिने पुढचं सगळं सांगितलं. तिचाही आवाज चढला होता.

“काय म्हणाली?” फोन ठेवल्यावर दादाने विचारलं.

“हावरटपणा करू नका म्हणाली. एकदम पोट भरायचं नाही. आज हा एकच. औषध ठरल्याप्रमाणे. पुढचा परवा.”

“उद्या नाही?”

“नाही.”

“एखादा लहान?”

“दादा.”

“बरं,” दादा म्हणाला. त्याने स्टूल पेटीजवळ ओढलं, त्यावर बसला आणि चष्मा बदलला. “परवा म्हणजे सकाळीच ना?”