छायाताईनं हलवलेलं शेत

चौक गावच्या नाक्यावर, जुन्या हायवेला लागून मनोजचं ट्रकचं गॅरेज आहे. त्या गॅरेजच्या भिंतीला टेकून सहा फूट रुंदीचा एक गाळा आहे आणि त्यात छाया ठोंबरे गेली नऊ वर्षं मोबाईल दुरुस्त करते. नवीन गिऱ्हाईक आधी गाळ्यात डोकावतं, मग आजूबाजूला बघतं आणि विचारतं, "कारागीर कुठं गेलाय?" छाया चष्मा कपाळावर सरकवते. "बसा. तुमच्या समोरच हाय."

तिचा हात घडला कारखान्यात. खोपोलीकडच्या एका इलेक्ट्रॉनिक्स कंपनीत ती अकरा वर्षं सोल्डरिंगच्या लाइनवर होती. दिवसाला हजार-बाराशे टाके, सगळे एकसारखे. कंपनी बंद पडली तेव्हा बरोबरीच्या बायका कुणी पॅकिंगला गेल्या, कुणी कळंबच्या रिसॉर्टांत स्वयंपाकाला. छायानं भंगारात निघालेला सूक्ष्मदर्शक आणि सोल्डरिंगचं मशीन उचलून आणलं. "हे काय करणार गं?" नवऱ्यानं, राजेशनं, विचारलं. "जे येतं तेच," ती म्हणाली.

सगळंच जमलं असं नाही. दुसऱ्याच वर्षी एका बाईचा अडकलेला फोन तिनं साफ करून चालू करून दिला, आणि त्यातले जुळ्यांच्या बारशाचे सगळे फोटो पुसले गेले. ती बाई भांडली नाही. "एक पन नाय ऱ्हायला?" एवढंच तिनं विचारलं. छायाला त्या दिवशी भाकरी गोड लागली नाही. तेव्हापासून कुठलंही यंत्र उघडण्याआधी ती एकच प्रश्न विचारते, "आत काय ठेवलंय?"

गेल्या मार्चात एका सकाळी लोधिवलीचे कोंडाजी आप्पा काठी टेकत गाळ्यापाशी आले. वय त्र्याहत्तर, अंगावर धुवट पांढरा सदरा. त्यांनी पिशवीतून हातात धरून खेळायचे दोन व्हिडिओ गेम काढून टेबलावर ठेवले. दोन्ही एकाच जातीचे, एक जुना आणि एक कोरा. जुन्याची पाठ पुरीसारखी फुगली होती आणि स्क्रीन काळीठिक्कर.

"नातवाचं का, आप्पा?"

"माझं," आप्पा म्हणाले. आवाजात जरासुद्धा संकोच नव्हता.

"आत काय ठेवलंय?"

"शेत."

मग त्यांनी सांगितलं. चार वर्षांपूर्वी बांधावरून पाय घसरून त्यांचं खुब्याचं हाड मोडलं. आठ महिने खाटेवर. ज्यानं उभा जन्म भात लावलं, त्याला छताच्या वाशांशिवाय बघायला काही नाही. मुलानं, योगेंद्रनं, आपला गेम त्यांच्या हातात दिला. त्यात एक पडीक जमीन मिळते. ती साफ करायची, पेरायची, पाणी द्यायचं, जनावरं पाळायची. आप्पा हसले होते आधी. पण महिन्याभरात त्यांनी दगड वेचून अर्धं रान मोकळं केलं. पुढं ते काठीवर चालायला लागले, खऱ्या शेतावर देखरेखीला जायला लागले, तरी दुपारचा तासभर यंत्रातल्या शेतासाठी राखून ठेवलेला. शेजारी त्यांची बायको मोतीबाई बसायची आणि बोट दाखवायची, "त्या कोपऱ्यातल्या भोपळ्याला पानी नाय घातलंत."

"आता हे असं फुगलं. योगेंद्रनं नवं आणलं. पनवेलला एका दुकानात दाखवलं, तर ते म्हनाले जुन्यातलं काय निघणार नाय, नव्यानं सुरू करा." आप्पांनी काठी मांडीवर आडवी घेतली. "नव्यानं करीन गं. मला काय, कामाचा कंटाळा नाय. पन चार वर्षं मशागत केलेली जमीन अशी कोन सोडतो का?"

"गेमचं कार्ड हाय ना?"

"हाय की. पन ते नव्यात घातलं तर परत पडीक रान दाखवतंय."

"ते कार्ड म्हंजे नुसती बियाण्याची पिशवी, आप्पा. शेत ह्या जुन्याच्या पोटात हाय."

तिनं त्यांना खरं ते सांगितलं. जुन्यातून नव्यात शेत जाऊ शकतं, पण त्याची नक्कल होत नाही; ते इथून उठतं आणि तिथं बसतं. मध्येच काही बिघडलं तर काय होईल, याची हमी ती देऊ शकत नव्हती.

आप्पा मान हलवत म्हणाले, "म्हंजे लावनीच की. राबातनं रोप उपटलं की चिखलात जाईपर्यंत जीव टांगनीला. कर तू."

छायानं आधी फुगलेली बॅटरी सोडवली. प्लॅस्टिकच्या पट्टीनं, कड न दुमडता, एवढ्या सावकाश की आप्पांचा चहा निवून गेला. बॅटरी तिनं बाहेर वाळूच्या बादलीत ठेवली. बॅटरीच्या जागी टेबलावरच्या पॉवर सप्लायच्या दोन वायरी जोडल्या आणि बटण दाबलं. स्क्रीन काळीच राहिली. पण आतून एक बारीक 'टिक्' ऐकू आली.

"जिता हाय," ती म्हणाली.

त्या जातीची स्क्रीन मागवायला पंधरवडा लागला असता, आणि उघड्या पोटाचं यंत्र तेवढे दिवस ठेवायला तिचं मन घेईना. दिसत नव्हतं, पण ऐकू येत होतं. तिनं नवं यंत्र पुढ्यात घेतलं आणि सेटिंगमध्ये शिरून, गेमची साठवण दुसऱ्या यंत्राला पाठवायची वाट कुठून जाते ते बघत बघत पाठीमागच्या कॅलेंडरच्या कागदावर लिहून काढलं. खाली किती वेळा, उजवीकडे किती, दाबायचं कुठं. प्रत्येक पायरीचा आवाज वेगळा होता. यादी संपली की जाड ठोका पडायचा, आत शिरलं की पाण्यात खडा पडावा तसा. डोळे मिटून तिनं तीच वाट नव्यावर सहा वेळा चालून बघितली.

राहिलं वायफाय; दोन्ही यंत्रं एकाच वायफायवर असायला हवीत. जुन्याला फक्त आप्पांच्या घरचं वायफाय ठाऊक होतं. छायानं आप्पांच्या फोनवरून त्यांच्या सुनेला, समीक्षाला, फोन लावला.

"समीक्षाताई, तुमच्या वायफायचं नाव आणि पासवर्ड सांगा. मोठं अक्षर कुठलं, बारकं कुठलं, सगळं."

"पण वायफाय तर इकडं लोधिवलीत आहे. तुम्ही चौकात."

"माझ्या मोबाईलच्या हॉटस्पॉटला तुमच्या वायफायचं नाव देते. ते जुनं यंत्र बिचारं आंधळं हाय, त्याला वाटंल घरीच हाय."

पलीकडून समीक्षा हसली आणि एकेक अक्षर सांगितलं. योगेंद्रनं नव्या यंत्रावर जुनंच खातं उघडून ठेवलं होतं, ते एक बरं झालं.

आता सुरू करणार, तेवढ्यात शेजारी वेल्डिंग पेटलं आणि पॉवर सप्लायचा आकडा थरथरला. छाया उठून गॅरेजच्या दारात गेली. "मनोज, दहा मिनिटं वेल्डिंग थांबव रं."

"ताई, पार्टी उभी हाय."

"माझी पन हाय. चार वर्षांचं पीक हाय तिचं."

मनोजनं आप्पांकडं बघितलं, मशीन बंद केलं, आणि वर ट्रकची एक भरलेली बॅटरी आणून तिच्या पॉवर सप्लायला लावून दिली. "आता लाइट गेली तरी हलनार नाय."

छायानं नवं यंत्र शेत घ्यायच्या तयारीत ठेवलं आणि जुनं कानाशी धरलं. खाली, खाली, खाली. जाड ठोका. उजवीकडे. खडा पाण्यात. तिसऱ्या पायरीला मात्र भलताच सूर वाजला, जो नव्यावर एकदाही वाजला नव्हता. तिचं बोट हवेतच थांबलं. जुन्यावर कसली तरी सूचना आली असणार, आणि त्या सूचनेला 'हो' गेलं की 'नाही', ते कळायला मार्ग नव्हता. जुळ्यांचं बारसं तिला आठवलं. तिनं पुढं काही दाबलं नाही. घराचं चित्र असलेलं बटण दाबून ती पार बाहेर आली, कपाळ पदरानं पुसलं आणि पहिल्यापासून वाट धरली. ह्या वेळी सगळे आवाज आपापल्या जागी आले. शेवटचा खडा पाण्यात पडला.

नव्याच्या स्क्रीनवर अक्षरं उमटली: दुसरं यंत्र सापडलं.

मग एक पट्टी भरू लागली. आप्पा काठीवर दोन्ही हात ठेवून बसले होते. मनोज आणि तो खोळंबलेला ट्रकवाला दोघंही दारात उभे. पट्टी निम्म्यावर अडली, पुन्हा सरकली, भरली. छायानं कार्ड नव्यात घातलं आणि यंत्र आप्पांच्या हातात दिलं. "तुमीच उघडा."

शेत उघडलं. आखीव वाफे, कडेनं कुंपण, गोठ्यापाशी तांबूस गाय.

"हरणी," आप्पा म्हणाले. मग त्यांनी ट्रकवाल्याला जवळ बोलावलं. "हे बग, हितं नुस्ता खडक होता. ही विहीर मी घेतली. हा बांध माझा." ट्रकवाला म्हणाला, "झ्याक हाय की, आजोबा," आणि खरोखरच वाकून बघत राहिला.

छाया टेबलाला टेकून उभी होती. कारखान्यात तिनं लाखांनी टाके मारले असतील, पण त्यातला एकही कुणाच्या घरी गेला ते तिला कधी कळलं नव्हतं. आज कळत होतं.

पुढच्या रविवारी आप्पांनी तिला आणि राजेशला लोधिवलीला जेवायला बोलावलं. मोतीबाईनं तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकटीचं कालवण केलं होतं. ओटीवर चार-पाच पाहुणे बसले होते. आप्पांनी एकेकाला हात धरून तिच्यापुढं आणलं. "पनवेलवाल्यांनी हात टेकले. हिनं माझं शेत नुस्त्या कानानं हलवलं, एक काडी मोडली नाय."

पाहुण्यांतल्या एकानं अविश्वासानं तिच्याकडं बघितलं. "तुमी केलंत? एकटीनं?"

कुणी असं विचारलं की 'तसं काय विशेष नाय ओ' म्हणून विषय बदलायची सवय होती तिला. राजेश तिच्याकडं बघत होता.

"हां," छाया म्हणाली. "मी केलं." आणि मोतीबाईनं वाढलेली दुसरी भाकरी तिनं ताटात घेतली.